कुऱ्हाडीचा दांडा

बीडहून सोलापूरकडे जाणाऱ्या महामार्गावर, मांजरसुंब्याच्या परिसरात, बालाघाटच्या डोंगरकुशीत कपिलधार आहे. संत मन्मथस्वामींच्या समाधीमुळे वीरशैव लिंगायत बांधवांचे ते मोठे तीर्थक्षेत्र असून कार्तिक पौर्णिमेच्या यात्रेला दूरदूरच्या गावांतून लोक पायी येतात. पावसाळ्यात तेथील धबधबा पाहण्यासाठीही गर्दी असते. याच पंचक्रोशीतील एका मशिदीत मी काही वर्षांपासून इमामतीची सेवा करीत आहे. एकदा भर पावसात त्या धबधब्यापाशी उभा असताना दिव्य कुरआनातील सूरह अर्-रअदची सतरावी आयत आठवली. तीत अल्लाहने पुराच्या पाण्याचा दृष्टान्त दिला आहे. पाणी वाहू लागले की फेस सर्वांत वर दिसतो. पण तो विरून जातो, आणि जे माणसांच्या उपयोगाचे असते ते जमिनीत राहते, असा त्याचा आशय आहे.

वाचक बंधू-भगिनींनो, ही आयत सत्य आणि असत्य यांच्यातील भेद सांगण्यासाठी अवतरली आहे, हे मी जाणतो. परंतु अलीकडे विद्यापीठांतून 'टिकाऊ उद्योग' हा शब्द वारंवार कानी पडतो, तेव्हा मला हाच दृष्टान्त आठवतो. विद्यार्थ्याने काही नवे शोधावे, त्या शोधाचा उद्योग करावा आणि तो उद्योग टिकावा, असे आज सर्वांना वाटते. हे योग्यच आहे. प्रश्न एवढाच की उद्योग टिकला असे आपण कशावरून म्हणावे? त्याच्या मालकाची तिजोरी भरत राहिली म्हणून? की ज्या माणसांच्या आधाराने तो उभा राहिला तीही उभी राहिली म्हणून? हा प्रश्न माझ्यापुढे एका विद्यार्थ्याने आणून ठेवला. त्याची हकीकत आधी सांगतो.

आमच्या भागातील माळरानावर आणि डोंगरउतारांवर सीताफळाची झाडे अमाप आहेत. बीडच्या सीताफळाला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. अंबाजोगाईला परभणीच्या कृषी विद्यापीठाचे सीताफळ संशोधन केंद्र असून 'धारूर ६' हा नावाजलेला वाण आपल्याच जिल्ह्यातील धारूरचे नाव लावतो. इतके असूनही या फळाचा पैसा आमच्या माणसांच्या हाती फारसा राहत नाही. कारण फळ नाजूक आहे. डोळे उघडलेले सीताफळ तोडले की दोन-चार दिवसांत पिकते आणि मग हात लावू देत नाही. त्यामुळे रस्त्याकडेला पाटी घेऊन बसलेल्या बाईला संध्याकाळी येईल त्या भावाला ते देऊन टाकावे लागते. गर काढून ठेवावा तर तो हवेने काळा पडतो, तापवला तर कडवट होतो. तो गोठवूनच ठेवावा लागतो. शिवाय गर आणि बी वेगळे करणे हे फार किचकट काम आहे. बी फुटली तर गर वाया जातो, कारण सीताफळाच्या बीमध्ये विषारी अंश असतो. म्हणून तर जुनी माणसे त्या बियांची पूड उवांसाठी आणि किडीसाठी वापरीत, पण ती डोळ्यांत जाऊ देत नसत.

आमच्या मशिदीत लहानपणापासून कुरआन शिकलेला एक मुलगा पुढे अभियांत्रिकीला गेला. त्याने आपल्या एका लिंगायत मित्राच्या साथीने गर वेगळा करणारे छोटे यंत्र बनवले. अशी मोठी यंत्रे बाजारात आहेत. पण ती विजेवर चालतात आणि खेड्यातील बचत गटाच्या आवाक्याबाहेर असतात. या दोघांचे यंत्र पायाने चालणारे होते आणि त्यातील मऊ ब्रश बी न फोडता गर चाळणीतून खाली ढकलीत. महाविद्यालयातील स्पर्धेत त्यांचे कौतुक झाले. त्यानंतर एक गृहस्थ पुढे आले. त्यांनी दोन लाख रुपये देऊ केले. अट अशी की दरमहा पाच हजार रुपये द्यायचे, यंत्रे विकली जावोत अथवा न जावोत; मूळ रक्कम वेगळी फेडायची, आणि तारण म्हणून मुलाच्या घरची दीड एकर जमीन लिहून द्यायची. "हे व्याज नव्हे, नफ्यातला वाटा आहे," असे ते म्हणाले.

मुलगा कागद घेऊन माझ्याकडे आला आणि म्हणाला, "मौलाना, वाटा म्हटले तर हे जायज होईल का?"

मी त्याला विचारले, "एखाद्या महिन्यात एकही यंत्र विकले गेले नाही, तर हा वाटा कशातून निघणार?" तो गप्प राहिला. त्याची आई दाराशी उभी होती. ती आणि तिचा नवरा अनेक वर्षे ऊसतोडीला जातात. आमच्या जिल्ह्यात नवरा-बायकोच्या जोडीला मिळून एक 'कोयता' म्हणतात. दसरा-दिवाळीच्या सुमारास टोळ्या पश्चिम महाराष्ट्राकडे आणि कर्नाटकाकडे निघतात. त्याआधी मुकादमाकडून उचल घेतलेली असते. ती माउली आपल्या दखनी बोलीत जे म्हणाली त्याचा अर्थ असा होता : उचल घेतली की ऊस कमी पडो, आजारपण येवो, फेड आमचीच असते, राहिली तर पुढच्या साली पुन्हा जावे लागते, हा कागदही मला तसाच दिसतो.

मी मदरशात फिक्हचे ग्रंथ अभ्यासले आहेत. परंतु व्याज का निषिद्ध ठरले, याचे इतके नेमके स्पष्टीकरण मला क्वचितच ऐकायला मिळाले असेल. सूरह अल्-बकराच्या २७५व्या आयतीत अल्लाहने व्यापार वैध आणि व्याज निषिद्ध ठरवले आहे, आणि व्यापार व व्याज सारखेच आहेत असे म्हणणाऱ्यांचा समाचारही तिथेच घेतला आहे. दोहोंत पैसा वाढतो, म्हणून वरवर पाहता ते सारखे दिसतात. फरक नुकसानीच्या दिवशी कळतो. व्यापारातील भागीदार त्या दिवशी तुमच्या शेजारी उभा असतो. सावकार तुमच्या समोर उभा असतो.

आता विद्यापीठांकडे वळू या. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ या कायद्याने राज्यातील विद्यापीठांत नवोपक्रम, नवसंशोधन व साहचर्य यांसाठी स्वतंत्र व्यवस्था आणली. २०१८ साली राज्याचे स्टार्टअप धोरण आले. केंद्र सरकारने २०१९ मध्ये विद्यार्थी व अध्यापकांसाठी राष्ट्रीय नवोन्मेष व स्टार्टअप धोरण जाहीर केले. आपल्या विभागात छत्रपती संभाजीनगरला डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठात अटल इन्क्युबेशन सेंटर आहे, आणि उद्योजकांच्या सीएमआयए या संघटनेच्या पुढाकाराने उभी राहिलेली 'मॅजिक' ही संस्थाही नवउद्योजकांना आधार देते. इन्क्युबेशन म्हणजे उबवणी. कोंबडी अंडे उबवते त्याप्रमाणे कोवळ्या उद्योगाला जागा, साधने, सल्ला आणि ओळखी यांची ऊब द्यायची, ही त्यामागची कल्पना. तेथे विद्यार्थी पुष्कळ शिकतो. नमुना कसा बनवावा, ग्राहक कोण आहे ते कसे शोधावे, खर्च कसा मांडावा, पेटंट कसे घ्यावे, गुंतवणूकदारापुढे आपली कल्पना पाच मिनिटांत कशी सांगावी. यातील एकही गोष्ट दीनच्या विरोधात नाही. उलट, आपल्या मुला-मुलींनी ती अवश्य शिकावी, असे मी आग्रहाने सांगेन.

तथापि, या सर्व शिक्षणाच्या मुळाशी असावा असा एक धडा आपल्याला प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या जीवनात सापडतो. सुनन अबू दाऊदमध्ये हजरत अनस (र.) यांच्याकडून तो प्रसंग आला आहे. त्याच्या सनदीबाबत मुहद्दिसांनी चर्चा केली आहे; परंतु स्वकष्टाच्या कमाईचे हेच महत्त्व सांगणाऱ्या सहीह हदीस विपुल आहेत. एक अन्सारी गृहस्थ प्रेषितांकडे (स.) काही मागण्यासाठी आला. प्रेषितांनी (स.) विचारले की घरात काय आहे. एक जाड वस्त्र, जे अर्धे पांघरतो व अर्धे अंथरतो, आणि पाणी पिण्याचा एक वाडगा, एवढेच होते. प्रेषितांनी (स.) ते मागवून स्वतः लिलाव पुकारला आणि दोन दिरहमांना विकले. एका दिरहमाचे अन्न घेऊन घरी दे आणि दुसऱ्याची कुऱ्हाड घेऊन माझ्याकडे ये, असे त्याला सांगितले. तो कुऱ्हाड घेऊन आला तेव्हा प्रेषितांनी (स.) आपल्या हाताने तिला दांडा बसवला. मग म्हणाले की जा, लाकडे तोड, वीक आणि पंधरा दिवस मला दिसू नकोस. पंधरा दिवसांनी तो आला तेव्हा त्याने दहा दिरहम कमावले होते.

सुज्ञ वाचकांनी या प्रसंगाकडे एका शिक्षकाची पद्धत म्हणून पाहावे. यात चार गोष्टी आहेत. पहिली, प्रारंभ घरात जे आहे त्यापासून झाला. दुसरी, पहिला दिरहम अन्नावर खर्च झाला. घर उपाशी ठेवून साधन घेतले गेले नाही. तिसरी, शिक्षकाने आपला हात लावला. नुसता उपदेश केला नाही. चौथी, मुदत दिली. पंधरा दिवस कोणीही तगादा लावणार नव्हते, आणि पंधरा दिवसांनी मात्र हिशेब द्यायचा होता. त्या गृहस्थाच्या मागे दररोज एक दिरहम मागणारा कोणी उभा असता, तर कुऱ्हाड तिसऱ्याच दिवशी विकली गेली असती.

मुदतीचे महत्त्व आपल्याच राज्याच्या इतिहासातही दिसते. लक्ष्मणराव किर्लोस्कर हे मुंबईच्या व्हिक्टोरिया ज्युबिली तांत्रिक संस्थेत शिक्षक होते. पुढे नोकरी सोडून त्यांनी लोखंडी नांगर बनवला. नांगर उत्तम होता. पण लोखंडाने जमीन नासते, असा समज शेतकऱ्यांत होता आणि तो दूर व्हायला काळ जावा लागला. १९१० साली औंध संस्थानातील माळावर किर्लोस्करवाडी उभी राहिली ती त्या धिम्या प्रतीक्षेनंतर. नव्या वस्तूला ग्राहकाचा विश्वास मिळेपर्यंत वेळ लागतो, हा व्यापाराचा स्वभावच आहे. पहिल्या महिन्यापासून ठरावीक रक्कम मागणारा पैसा या स्वभावाशी जुळत नाही. नवउद्योगासाठी व्याजी भांडवल अयोग्य आहे, हे म्हणायला म्हणूनच केवळ धार्मिक आज्ञेचा आधार घ्यावा लागत नाही. व्यवहारही तेच सांगतो.

मग योग्य भांडवल कोणते? इस्लामी फिक्हमध्ये याचे दोन प्रमुख मार्ग आहेत. एकाचा पैसा आणि दुसऱ्याचे श्रम, ही मुजारबत. प्रेषितपद लाभण्यापूर्वी हजरत खदीजा (र.) यांचा माल घेऊन प्रेषित (स.) व्यापारास गेले, तो व्यवहार याच स्वरूपाचा होता. दोघांचाही पैसा असेल तर ती शिरकत. दोहोंत नफ्याचे प्रमाण आधी ठरवायचे. रक्कम मात्र ठरवायची नाही. नफ्याचा तिसरा हिस्सा म्हणता येते, दरमहा पाच हजार म्हणता येत नाही. नुकसान झाले तर मुजारबतमध्ये पैसेवाल्याचा पैसा जातो आणि श्रम करणाऱ्याचे श्रम जातात. शिरकतीत ज्याची जितकी रक्कम त्या प्रमाणात त्याचे नुकसान. श्रम करणाऱ्याने हयगय किंवा लबाडी केली असेल तरच त्याला भरपाई द्यावी लागते. जो नुकसानीची जोखीम उचलतो तोच फायद्याचा हक्कदार, हे सूत्र फुकहांनी हदीसच्या आधारे मांडले आहे.

येथे एक गोष्ट न्यायाने सांगितली पाहिजे. २०१९च्या ज्या राष्ट्रीय धोरणाचा मी उल्लेख केला त्यात असे सुचवले आहे की शिक्षणसंस्थेने दिलेल्या सुविधांच्या बदल्यात नवउद्योगात २ ते ९.५ टक्क्यांपर्यंत हिस्सा घ्यावा. हिस्सा म्हणजे कर्ज नव्हे. उद्योग बुडाला तर संस्थेचा हिस्साही बुडतो. ही रचना शिरकतीच्या तत्त्वाजवळ जाणारी आहे, आणि आपण तिचे स्वागत केले पाहिजे. चांगली गोष्ट कोणाच्याही हातून घडो, ती चांगलीच असते. तेव्हा आपला विद्यार्थी अशा केंद्रात गेला तर त्याने तेथील कागद नीट वाचावा : जे मिळते आहे ते कर्ज आहे, अनुदान आहे की हिस्सा? बुडीत गेल्यास कोणाचे काय जाईल? हा प्रश्न विचारण्याचे धैर्य मुलाला देणे, हेही शिक्षणच आहे.

आता या लेखाच्या शीर्षकाकडे येतो. मी मराठी विषय घेऊन बी. ए. झालो. तेव्हा शिकलेली एक म्हण कुऱ्हाडीच्या हदीसबरोबर हमखास आठवते : कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ. दांडा लाकडाचाच असतो. पण तो कुऱ्हाडीला जोडला गेला की आपल्याच जातीच्या झाडांवर घाव घालतो. एका दांड्याने एक घर भीक मागण्यापासून वाचवले. दुसरा दांडा आपल्याच गोताच्या मुळावर आला. आपल्या विद्यार्थ्याचा शोध यांपैकी कोणता दांडा होणार, हा मला खरा नैतिक प्रश्न वाटतो.

उदाहरण घ्या. ऊसतोडणीची यंत्रे शेतात उतरली आहेत. ऊसतोडीचे काम अमानुष आहे; ते यंत्राने केले तर वाईट काय, असे कोणीही विचारील. त्यात तथ्य आहे. इस्लाम यंत्राचा शत्रू नाही. परंतु कोयत्याच्या जोडीचा हंगाम गेला तर तिच्या चुलीचे काय, याचे उत्तर त्या यंत्राच्या हिशेबात कोठेच लिहिलेले नसते. ऊसतोड कामगाराचा मुलगा अभियंता होऊन असे यंत्र सुधारील, तेव्हा आपण त्याला अडवू नये. मात्र पहिला दिरहम अन्नाचा होता, याची आठवण त्याला जरूर द्यावी.

आमच्या त्या दोन मुलांच्या यंत्रालाही हा प्रश्न लागू होता. सीताफळाचा गर काढण्याच्या ठिकाणी बायका हाताने बी वेगळी करतात आणि किलोमागे मजुरी घेतात. यंत्र आले तर चौघींचे काम एकीच्या हाती जाणार. लिंगायत मित्रानेच हा मुद्दा काढला. त्याची मावशी तेच काम करते. बराच वेळ चर्चा झाल्यावर त्यांनी ठरवले की यंत्र व्यापाऱ्याला न विकता बायकांच्या गटालाच विकायचे, तेही हप्त्याने आणि वाढीव रक्कम न लावता. यंत्र तेच राहिले. फक्त त्याचा दांडा कोणाच्या हातात असावा, हे बदलले. त्यात नफा कमी होता. दोघांनी तो समजून-उमजून कमी केला.

फळखरेदीतही त्यांना शरीअतचा एक नियम उपयोगी पडला. फळ तयार होण्याच्या चिन्हांपूर्वी झाडावरचे फळ विकण्यास प्रेषितांनी (स.) मनाई केली आहे. आमच्याकडे अडलेला शेतकरी फुलोऱ्यातच बाग ठोक्याने देऊन टाकतो. पाऊस चांगला झाला तर त्याला हळहळ, न झाला तर घेणाऱ्याला. आणि भांडणे दोन्ही वेळी. मुलांनी फळाचे डोळे उघडल्यावरच, वजनावर, त्या दिवशीच्या भावाने घेण्याचे ठरवले.

आणि पैशाचे काय झाले? त्या गृहस्थांचा कागद मुलांनी अदबीने परत केला. त्यानंतर जे झाले ते सांगताना मला थोडा संकोच वाटतो. मी जुम्याच्या खुत्ब्यात व्याजावर अनेकदा बोललो होतो. पण व्याज नको म्हणणाऱ्या मुलाने पैसा आणायचा कोठून, यावर एकदाही बोललो नव्हतो. रमजानमध्ये आपण लहान-लहान नोटांनी जकात वाटतो. पुढच्या वर्षी तीच माणसे त्याच रांगेत उभी असतात. आपण अन्नाचा दिरहम देतो आणि कुऱ्हाडीचा दिरहम विसरतो. जकातीवर गरजवंताचा हक्क आहे, त्यात पात्रतेचे नियम आहेत, ते पाळलेच पाहिजेत. पण पात्र असलेल्या गरजवंताला हाती साधन येईल इतके एकरकमी देण्यास कोणी मनाई केली आहे? आणि जकातीखेरीज जो पैसा आपण सोन्यात, भूखंडात अडकवून ठेवतो, त्यातील थोडा विश्वासू तरुणाच्या श्रमाला जोडण्यास काय हरकत आहे? हे प्रश्न त्या मुलाने मला विचारले नाहीत. परंतु त्याच्यासमोर बसलो असताना ते मला टोचत होते.

शेवटी चौघांनी मिळून नव्वद हजार रुपये जमा केले. एका निवृत्त गुरुजींनी चाळीस हजार दिले, लिंगायत मित्राच्या काकांनी तीस हजार, मी दहा हजार आणि त्या माउलीने हट्टाने दहा हजार. मुजारबतचा कागद साध्या मराठीत मी लिहिला : नफा झाला तर निम्मा मुलांचा, निम्मा आम्हा चौघांचा, तोटा झाला तर आमचा, महिन्याच्या महिन्याला हिशेब दाखवायचा.

पहिल्या हंगामात तोटा झाला. दोन यंत्रे बनली आणि त्यांतील एक गटाने घेतले. पण गोठवून ठेवलेला गर दोन दिवस वीज गेल्यामुळे वितळला आणि काळा पडला. त्यातील वरवर बरा दिसणारा भाग एक आइस्क्रीमवाला कमी भावाने घ्यायला तयार होता. मुलांनी तो दिला नाही. धान्याच्या ढिगात हात घालून आतला ओलावा उघडा पाडणाऱ्या प्रेषितांची (स.) हदीस त्यांना मी शिकवली होती, ती त्यांनी माझ्यापेक्षा अधिक लक्षात ठेवली. हंगामाअखेर हिशेब केला तेव्हा अठरा हजार रुपये बुडाले होते. गुरुजींचे आठ हजार, काकांचे सहा हजार, माझे दोन हजार आणि त्या माउलीचे दोन हजार. मुलांचे सहा महिन्यांचे श्रम गेले. जमीन मात्र कोणाची गेली नाही. तो कागद घेतला असता तर दोन लाखांचे ओझे डोक्यावर असते आणि वर्षाला साठ हजार रुपये वेगळे द्यावे लागले असते.

दोन हजार रुपये ही माझ्या पगारात लहान रक्कम नाही. ती गेल्याचे कळले तेव्हा वाईट वाटले, हे मी लपवणार नाही. परंतु त्याच रात्री उमगले की इतकी वर्षे मी भागीदारीचे मसले सांगत होतो, आज प्रथमच त्यांतील एक जगलो. तोट्यात वाटेकरी झाल्यावर मी त्या मुलांना जे प्रश्न विचारू लागलो ते आधी कधी सुचले नव्हते : वीज गेल्यावर काय करणार? गर गोठवण्याऐवजी त्याच दिवशी विकता येईल का? गटातील बायकांना यंत्र धुण्यास किती वेळ लागतो? ज्याचा हात दांड्याला लागतो त्यालाच असे प्रश्न सुचतात. प्राध्यापक मंडळींना माझी नम्र विनंती आहे की त्यांनी विद्यार्थ्याच्या उद्योगाला केवळ गुण देऊ नयेत. जमेल तेवढा वाटा घेऊन त्याच्या जोखमीतही सामील व्हावे.

यावर आक्षेप घेतला जातो की हे लहान गावात, ओळखीच्या माणसांत चालते. मोठ्या व्यवहारात तोट्यात कोण सामील होईल? आक्षेप खोटा नाही. भागीदारी अवघड आहे. तीत हिशेब चोख लागतो, सचोटी लागते, आणि लबाड भागीदार खोटा तोटा दाखवून फसवू शकतो. म्हणूनच इस्लामने व्यवहार लिहून ठेवण्याची आज्ञा दिली, आणि सूरह अल्-बकरामधील तत्संबंधीची २८२वी आयत ही संपूर्ण कुरआनातील सर्वांत दीर्घ आयत आहे. नमाजच्या तपशिलापेक्षा देवघेवीच्या लिखापढीला अल्लाहने एका आयतीत इतकी जागा द्यावी, यातच पुष्कळ काही आले. प्रयत्नही झाले आहेत. इजिप्तमधील मीत गम्र या गावी १९६३ मध्ये डॉ. अहमद अन्-नज्जार यांनी ग्रामस्थांच्या छोट्या बचतीतून एक बँक काढली. ती व्याज न घेता कारागीर व छोट्या उद्योजकांना नफ्या-तोट्याच्या भागीदारीवर पैसा देत असे. काही वर्षांतच ती बंद झाली. परंतु नंतर जगभर जी बिनव्याजी बँकव्यवस्था उभी राहिली तिचा प्रारंभ सांगताना त्या खेडवळ बँकेचे नाव आजही घेतले जाते.

तरुण मित्रहो, तुमच्यापैकी कोणाच्या वहीत एखादी कल्पना असेल तर ती घेऊन विद्यापीठाच्या केंद्रात अवश्य जा. तेथे जे शिकवतील ते मनापासून शिका. फक्त आपल्या योजनेच्या कागदावर नफ्याच्या अंदाजाखाली एक ओळ स्वतःहून लिहा : तोटा झाला तर कोणाचा? त्या ओळीपुढे तुमच्या आईचे दागिने, शेतकऱ्याची बाग किंवा मजूर बाईची मजुरी एवढेच लिहावे लागत असेल, तर योजना पुन्हा मांडा. आणि ज्यांच्याकडे अल्लाहने पैसा दिला आहे त्या वडीलधाऱ्यांना विनंती की अशा मुलाला उचल देऊ नका, साथ द्या.

यंदाच्या कार्तिकी यात्रेच्या आधी मुलांनी गटातील बायकांसोबत कपिलधारच्या रस्त्यावर ताजा गर विकायला ठेवण्याचे ठरवले आहे. त्याच दिवशी काढायचा, त्याच दिवशी विकायचा. नफा होईल की नाही, ते अल्लाह जाणतो. आम्ही चौघांनी उरलेले बहात्तर हजार परत घेतलेले नाहीत.

हे अल्लाह, आमच्या मुलांच्या बुद्धीत आणि श्रमात बरकत दे. आमची कमाई हलाल ठेव, आमच्या मापात आणि हिशेबात सचोटी दे, आणि दुसऱ्याच्या नुकसानीत त्याच्या शेजारी उभे राहण्याचे बळ आम्हाला दे. आमीन.